घरातले तीन उंबरे

पालिकेच्या नीलिमा मॅडम चहाचा कप हातात घेऊन हॉलमधून पार्लरकडे निघाल्या आणि मधल्या उंबऱ्याला ठेचकाळल्या, तिथूनच चिमीच्या मनातली सगळी गडबड सुरू झाली. मॅडम पडल्या नाहीत. चहा तेवढा हिंदकळला आणि त्यांच्या सलवारीवर सांडला. चिमी फडकं घेऊन धावली, सून उन्नती 'सॉरी मॅडम, सॉरी मॅडम' करत पाणी घेऊन आली, आणि भूपेश, चिमीचा एकुलता एक मुलगा, होता तिथेच थिजला. कारण मॅडम सलवारीकडे बघतच नव्हत्या, त्या खाली बघत होत्या. ना दार, ना चौकट, घराच्या मधोमध हा काळ्या कडप्प्याचा उंबरा आडवा पडलेला. "हा इथे कशाला?" त्यांनी विचारलं. आवाजात राग नव्हता, कुणाच्या घरी गेल्यावर भिंतीवरच्या फोटोतलं माणूस कोण म्हणून विचारावं तसं विचारलं. "जुना हाय तो," चिमी बोलून गेली. "म्हणजे इथे पूर्वी दार होतं का, मावशी?" भूपेश इतक्या जोरात खोकला की बाहेर खाटेवर बसलेल्या चिमीच्या नवऱ्याने, म्हाताऱ्या जनूनेसुद्धा वळून पाहिलं. मॅडम हसल्या. कप ठेवता ठेवता म्हणाल्या, "गावठाणात कागद कुणाकडेच नाहीत, ते मला माहीत आहे. मूळ घराला हात लावायचा नाही असं ठरलंय. पुढे वाढवलेलं तेवढं रस्त्यासाठी काढायचं. उद्या सकाळी टेप घेऊन येते. मूळ दार कुठलं ते तुम्हीच दाखवा, तिथून मोजू." आणि चपला घालून पुढच्या घरी गेल्या.

त्या गेल्या तरी चिमी फडकं हातात धरून त्या उंबऱ्यापाशी उकिडवीच बसून होती. इतकी वर्षं ती हा उंबरा दिवसातून पन्नास वेळा ओलांडत होती. पाय आपोआप उचलायचा, डोक्याला पत्ताही लागायचा नाही. पाहुणे ठेचकाळायचे, नवीन गिऱ्हाईक बायका ठेचकाळायच्या, आणि घरातलं कुणीतरी 'जपून हां' म्हणायचं ते त्या ठेचकाळल्यावर. पण हा उंबरा इथे का आहे असं आजवर कुणी विचारलं नव्हतं, कारण या आळीत ज्याच्या त्याच्या घरात असा एखादा उंबरा होताच. घर पुढे सरकायचं, उंबरा मागे राहायचा. चिमीच्या घरात तर तीन होते. सगळ्यात आतला सागवानी, माजघराच्या तोंडाशी, सासऱ्याने बसवलेला. झिजून झिजून मधे खोलगट झालेला आणि पायपुसण्याखाली झाकलेला. तिथे अजून चौकट होती, पडदा होता, त्यामुळे तो बापडा माजघराच्या दाराचाच वाटायचा. जनू अंबरनाथ एमआयडीसीतल्या कारखान्यात कायम झाला तेव्हा पुढे पत्रे टाकून हॉल काढला, त्याचा हा कडप्प्याचा. आणि भूपेशच्या लग्नात आणखी पुढे सरकून जी जागा घेतली, तिथे आता उन्नतीचं ब्युटी पार्लर. तिच्या दाराला चकचकीत ग्रॅनाइटचा. पुढे सरकताना पहिला उंबरा उपटायला गवंडी बसला तेव्हा सासू, भागीरथी, त्याच्या अंगावर धावून गेली होती. ज्याच्यावरून घरात लक्ष्मी आली तो उंबरा उपटायचा नाही! गवंड्याने कपाळाला हात लावला आणि उंबरा सोडून भोवतीने लादी बसवली. दुसऱ्या वेळी भागीरथी नव्हती, पण तोवर तशी रीतच पडली होती. देवाधर्माच्या नावाखाली आळीने आपल्या प्रत्येक अतिक्रमणाची खूण आपल्याच हाताने जमिनीत गाडून ठेवली होती आणि वर सणासुदीला तिला हळदकुंकू वाहत होती. चिमीला हे एकदम लक्षात आलं आणि तिला हसूच फुटलं. भूपेशने तिच्याकडे असं पाहिलं की तिने फडकं तोंडाशी नेलं.

"आय, हसाचा कं हाय त्यान?" भूपेश म्हणाला. आनंदनगरच्या कारखान्यात त्याची दुपारची पाळी होती, डबा भरून तयार होता, पण तो शर्टाची बटणं उघडी टाकून येरझारा घालत होता आणि प्रत्येक फेरीला बरोबर त्या उंबऱ्यावरून पाय उचलत होता. "उद्या ती बाय यवली का तू काय बोलू नको. ग्रॅनाइटचाच दार आपला जुना. पयल्यापासना तेच. मधला काय म्हनून विचारला, त सांगाचा, पानी आत येव नये म्हनून बांधलाय." उन्नती पार्लरच्या खुर्चीवर बसून होती. आरशात तिचा चेहरा दिसत होता, नाकाचा शेंडा लाल झालेला. कडप्प्यापासून मोजलं तर तिचं पार्लर गेलं, हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती. आरसे, खुर्ची, वाफ घ्यायचं यंत्र, भिंतीवरच्या पोस्टरातली ती गोरी गोरी नवरी. "पाणी यायला आत काय नदी आहे का?" ती पुटपुटली. "कोण विश्वास ठेवणार, काहीही बोलता तुम्ही." इतक्यात शेजारचा कमलेश आला. नात्याने पुतण्या, आळीचा पुढारी, ज्याच्या मांडवात जावं तिथे याचीच बडबड. त्याने आपल्या घरातला जुना उंबरा सकाळीच पहारीने खणून काढला होता आणि वर सिमेंट फासलं होतं. "दोन तासांचा काम हाय, काकी. मी मानूस पाठवतंय. खनला, बुजवला, विषय खतम." मग आवाज खाली आणून म्हणाला, "सगल्यांनी ग्रॅनाइटच बोलाचा. येक फुटला का सगली आली फुटली."

चिमीने माणूस पाठवू नको म्हणून सांगितलं. का, ते तिचं तिलाही सांगता आलं नसतं. भागीरथीचं भय म्हणावं तर म्हातारीला जाऊन जमाना झाला, आणि खरं सांगायचं तर चिमीचा देवाशी व्यवहार फार चिकट नव्हता. वाहायचं ते वाहायची, बाकी आपण भलं आणि आपलं काम भलं. तिला आयुष्याबद्दल तक्रार अशी नव्हतीच. जनू भांडकुदळ नव्हता, दारू पीत नव्हता असं नाही पण पिऊन झोपायचा. मुलगा कमावता, सून हाताची आणि जिभेची दोन्हीची चलाख, पण मनाने निर्मळ. दुपारी भूपेश कामावर गेल्यावर ती माजघरात आली, पायपुसणं बाजूला केलं आणि सागवानी उंबऱ्यावर टेकली. उंबऱ्यावर बसू नये, हेही भागीरथीचंच. बसल्या बसल्या बोटांनी तिला लाकडातला खड्डा सापडला आणि तिला एकदम मानेवर ऊन लागल्यासारखं वाटलं. ऊन नव्हतं. तिथे दुपारीसुद्धा ट्यूबलाइट लावावी लागायची. पण मान म्हणत होती, आहे.

त्या दिवशी होतं. वऱ्हाड रात्रभर नाचत आलं होतं, पोचेपर्यंत सकाळ झाली होती, आणि चिमी हळदीने खाजणारं अंग घेऊन या उंबऱ्यासमोर उभी होती. दारात तिची नणंद, सुंदराबाई, दोन्ही हात चौकटीला लावून आडवी. पहिली मुलगी माझ्या मुलाला देशील, बोल, तरच सोडते. रिवाजच तो, सगळ्याच नणंदा अडवतात आणि सगळ्याच वहिन्या हो म्हणतात. पण सुंदराबाई हट्टाला पेटलेली, आणि जनूला बायकांसमोर तोंड उघडायची लाज, आणि चिमीला वाटत होतं की हो म्हणायचं कुणी, नवऱ्याने की आपण. त्यामुळे कुणीच काही बोलेना. बायका हसत होत्या, कुणीतरी गाणं म्हणत होती, वाजंत्रीवाले आवराआवर करायला लागले होते, आणि चिमी नुसती उभी होती. मागून कोवळं ऊन तिच्या पाठीवर, मानेवर, कानांच्या पाळ्यांवर. माहेरी ती थोरली. उठल्यापासून कुणाचं ना कुणाचं काही करत असायची. आणि आज आयुष्यात पहिल्यांदा, तिला काहीही करू न देता, सगळं गाव तिला उन्हात नुसतं उभं राहू देत होतं. तिने हळूच मान वळवून पाहिलं तर समोर भातखाचरं, कापलेल्या भाताचे सड, आणि त्यांच्या पलीकडे बदलापूरच्या बाजूचा डोंगर, निळा, इतका जवळ की त्याच्या अंगावरच्या वाटा दिसाव्यात. नणंदेने दार अडवलंय ते अडवूनच ठेवावं, असं तिला वाटलं होतं. मग जनू एकदाचा 'दिली' म्हणाला आणि सगळे हसले आणि ती आत गेली. मुलगी काही झाली नाही, सुंदराबाईचं देणं तसंच राहिलं, पण तो वेगळा विषय.

पुढची काही वर्षं ते ऊन तिचं होतं. सकाळची कामं आटोपली की सूप घेऊन ती या उंबऱ्यालगत बसायची, तांदूळ निवडायची, सुकटीतला कचरा काढायची, भूपेशला पायांवर घेऊन तेल लावायची. मग हॉल झाला. सगळ्यांना केवढा आनंद! तिलाही झाला, खोटं कशाला बोला. आल्यागेल्याला बसायला जागा झाली, टीव्ही आला. फक्त ऊन कडप्प्यापाशी थांबायला लागलं, आणि तिचं काम काही हॉलमध्ये नव्हतं. मग पार्लर झालं, आणि ऊन ग्रॅनाइटपाशी थांबलं. घर रस्त्याकडे एकेक पाऊल जात राहिलं आणि चिमी होती तिथे, मागे, ट्यूबलाइटच्या उजेडात राहिली. तिने कधी कुणाला सांगितलं नाही, कारण सांगण्यासारखं काय होतं? घर वाढलं म्हणून रडणारी बाई आळीत दुसरी कोण होती? वाढलेलं घर दाखवायला लोक पाहुण्यांना बोलवत होते. तिनेही दाखवलं. पण आता, पायपुसणं बाजूला करून त्या खड्ड्यात बोट फिरवताना, तिच्या मनात एक विचार असा काही वर आला की तिने घाबरून इकडेतिकडे पाहिलं. मॅडम ठेचकाळल्या मधल्या उंबऱ्याला. हा आतला तर त्यांनी पाहिलासुद्धा नाही. आणि मूळ दार दाखवायचं आहे चिमीने.

ती उठली, पायपुसणं जागेवर टाकलं, तांदूळ धुवायला घेतले. छे, छे. मुलाचा हॉल, सुनेचं पार्लर. म्हातारीला उन्हाची हौस म्हणून घर पाडायचं? लोक तोंडात शेण घालतील. तिने तांदूळ दोनदा धुतले. तिसऱ्यांदा पाणी घालताना लक्षात आलं की आपण मनातल्या मनात पार्लरच्या खुर्च्या उचलून कुठे ठेवता येतील ते बघतो आहोत. माडीवर दोन खोल्या होत्या, जुन्या घराच्या डोक्यावर. पुढची भूपेशची, मागची अडगळीची. बाहेरून लोखंडी जिना लावला तर? संध्याकाळी पार्लर रिकामं होतं तेव्हा ती उन्नतीपाशी जाऊन उभी राहिली. उन्नती आरसे पुसत होती, जोरजोरात, जणू उद्या ते कुणाला द्यायचेच आहेत. "माडीवर बाया येतील कं गो?" चिमीने विचारलं. "कशाला?" "भुवया कराला." उन्नती थांबली. "येतील की. उलट वर बरं. इथे रस्त्यावरचे बाप्ये वाकून वाकून बघतात, फेशियल करताना बायकांना लाज वाटते. पण आई, वर आमची खोली आहे ना." "अडगलीची रिकामी करू. तुमी मागं झोपा." उन्नती सासूकडे जरा निरखून बघायला लागली, तशी चिमी लसूण आणायचाय म्हणत तिथून सटकली. घरात लसणाची अख्खी जुडी टांगलेली होती.

त्या रात्री ती छान झोपली. काळजी करावी अशी स्वतःला आठवण करून दिली, पण झोप लागली. सकाळी मॅडम आल्या त्या टेपवाल्या दोन माणसांना घेऊन, आणि त्यांच्यामागे आळी. कमलेश पुढेच. भूपेश दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून ग्रॅनाइटच्या दारात उभा, सुंदराबाई जशी एकेकाळी उभी होती तसाच, फक्त त्याच्या तोंडावर हसू नव्हतं. जनू खाटेवर. चिमीने सकाळी त्याला चहा देताना विचारलं होतं, 'कंचा दार बोलू?' तर तो म्हणाला होता, 'तुला वाटल तो बोल, मना बसाला जागा पायजे.' मॅडमनी नमस्कार केला. "मावशी, सांगा. मूळ दार?" भूपेश म्हणाला, "मॅडम, हेच..." आणि चिमी मागून म्हणाली, "या आत."

तिने पार्लर ओलांडलं, कडप्पा ओलांडला. मॅडम या वेळी बघून पाय टाकत होत्या. भूपेशच्या तोंडावरचा रंग उडाला, पण निदान कडप्प्यावर ती थांबेल असं त्याला वाटलं असावं. ती थांबली नाही. हॉल पार करून माजघराच्या तोंडाशी गेली, वाकून पायपुसणं उचललं, झटकलं. मग कंबर सरळ केली. अजून 'चुकले' म्हणता आलं असतं. उन्नती दोन्ही हात तोंडावर ठेवून उभी होती. "हा," चिमी म्हणाली. "मी याच्यावरना आयली. बाकीचा मंग झाला." मॅडमनी उंबऱ्याकडे पाहिलं, चिमीकडे पाहिलं, चष्मा काढून पुसला. "मावशी, हा तर मी विचारलाच नव्हता," त्या हळू आवाजात म्हणाल्या, म्हणजे तिला मागे फिरायला वाट ठेवून. चिमीला ती वाट दिसली. तिने पायपुसण्याची घडी घातली आणि काखेत धरली. "तुमी विचारला नाय, मी सांगतंय. मोजा."

मग व्हायचं ते झालं. भूपेश आठवडाभर तिच्याशी बोलला नाही. वाढलेलं जेवायचा, ताट सरकवायचा. कमलेशने आळीच्या चारचौघांत तिला नावं ठेवली, पण त्याच्या घरात ओलं सिमेंट आडव्या पट्ट्यासारखं असं उमटलं होतं की मॅडमनी त्यालाच टेप लावली, आणि मग लोकांना हसायला दुसरं काहीतरी मिळालं. बाकी आळीने मात्र चिमीचं भलतंच कौतुक सुरू केलं. गावदेवीच्या देवळात बायका तिला पुढे बसवायला लागल्या. अशी खरं बोलणारी माणसं राहिली नाहीत म्हणे. चिमी ऐकायची आणि मान खाली घालायची, आणि लोकांना तो नम्रपणा वाटायचा. माडीवर जिना लागला, तिथे पार्लरचा बोर्ड चढवताना उन्नती एकदम म्हणाली, "आई, मी आधी फार चिडले होते तुमच्यावर. पण तुमच्यासारखं खरं बोलायला हिंमत लागते." चिमीला राहवलं नाही. "खऱ्याचा काय नाय गो. मना ऊन पायजे व्हता." उन्नती जिन्यावर उभी राहून पोट धरधरून हसली. "आई, तुम्ही पण ना!" चिमीनेही मग हसण्यात हसणं मिसळलं. सांगून झालं होतं. कुणाला पटलं नाही तर तिचा काय इलाज?

पत्रे उतरले, पुढच्या भिंती पडल्या, दोन दिवस नुसती धूळ. तिसऱ्या दिवशी भूपेशने राडारोडा उचलून नेला आणि माजघराच्या चौकटीला पुन्हा बाहेरचं दार बसवलं. त्याचा राग कुठल्या क्षणी संपला ते त्यालाही कळलं नसावं. दाराची कडी नीट लागते का बघताना तो 'आय, जरा धर गो' म्हणाला आणि तिने धरली. दुसऱ्या दिवशी सकाळी चिमीने ते दार उघडलं. आधी डोंगर बघायला मान वर केली. डोंगर नव्हता. रस्त्यापलीकडे टॉवर होते, एकाला लागून एक, बाल्कन्यांत वाळत घातलेले कपडे, कुठल्याशा क्लासचा भला मोठा बोर्ड. हे टॉवर तिने बाजारात जाता-येता रोज पाहिले होते; तरी इथून, या दारातून बघताना मात्र डोंगरच असेल असं ती धरून चालली होती. एवढा हॉल पाडला, एवढं पार्लर हलवलं! मग दोन टॉवरांच्या फटीतून ऊन आलं. आधी पायांवर, मग उंबऱ्याच्या खड्ड्यात, मग तिच्याकडे न बघता सरळ आत गेलं, माजघर ओलांडून स्वयंपाकघरात, ओट्यापर्यंत. वर्षानुवर्षं न दिसलेली धुराची काजळी भिंतीवर दिसली, हंड्याला गेलेला पोचा दिसला, डब्यांवरचा तेलकट चिकटा दिसला, आणि तिला लाज वाटायची ती वाटलीच नाही. घासू, त्यात काय. ती खाली बसली, उंबऱ्यावरच बसली, आणि पाठ उन्हाकडे केली.

जनूची खाट ठेवायची जागा रस्त्यात गेली होती, त्यामुळे तो थोडा रुसलेला होता. न्याहारीची थाळी घेऊन तो कुठे बसावं म्हणून घरात घुटमळला आणि शेवटी तिच्यासमोर, माजघराच्या लादीवर, भिंतीला टेकून बसला. ऊन त्याच्या अर्ध्या तोंडावर पडलं. तांदळाच्या भाकरीचा तुकडा हातात तसाच धरून तो तिच्याकडे बघत राहिला. "कं बगतंव?" ती म्हणाली. मग खऱ्याखुऱ्या नवलाने त्याने विचारलं, "अगो, तू कवा म्हातारी झालीस?"

तिने त्याच्याकडे पाहिलं. दिवसाउजेडी त्याला पाहिलं नव्हतं असं थोडंच होतं. रोज खाटेवर चहा नेऊन देत होती, दवाखान्यात नेत होती, कपडे वाळत घालताना बघत होती. पण पुढ्यात बसवून, हातात काम नसताना, उन्हात असं शेवटचं कधी पाहिलं होतं ते तिला आठवेना. त्याच्या भुवया पांढऱ्या होत्या. गालाची कातडी पातळ झाली होती, आतली निळी शीर दिसत होती, आणि डोळे मात्र लग्नात 'दिली' म्हणताना होते तसेच, घाबरट. वाईट वाटलं असं म्हणता येणार नाही, कारण त्याच वेळी तिला या माणसाबद्दल इतकी माया वाटली की तिला काय करावं ते सुचेना. "तुमचे बरोबरच झाली," ती म्हणाली. "ट्यूबलाइटीत तुमाला दिसली नाय."

जनूने मान डोलावली. त्याला पटलेलं दिसलं. मग थाळी एका हातात धरून, दुसरा हात जमिनीला टेकून तो हळूहळू उठला, तिच्यापाशी आला आणि उभा राहिला.

"सरक जराशी," तो म्हणाला. "माज्याव पन येव दे."

ती सरकली.